बजावतात की विनवतात

फनार, संत दिमित्रींच्या सणाचा दुसरा दिवस

प्रिय स्मराग्दाताई,

स्कार्लातोसचा नमस्कार. देवमातेच्या कृपेने इकडे सगळे धडधाकट आहेत. तुझा मस्तकी डिंकाचा मुरांबा पोहोचला. बरणी मी उघडली आणि तुझ्या लेकाने, इसिदोरने, संपवली. तिकडे खिओस बेटावर यंदा अंजिरं कशी झाली? गुडघा शेकतेस ना?

दाढीची चौकशी केलीस. वाढते आहे. सुलतानाच्या चाकरीतल्या आपल्या ग्रीक माणसांत दाढीची मुभा फक्त मुख्य दुभाष्याला, म्हणजे आता मला, म्हणून मी तिचे लाड करतो. तू लिहिलंस तसा बोकडासारखा दिसत असेन, पण घोड्यावर बसलेला बोकड! राजधानीतल्या या आपल्या फनार मोहल्ल्याच्या चढावर लोक बाजूला होतात तेव्हा बाबांची फार आठवण येते.

हे पत्र इसिदोरच घेऊन येतो आहे. हंगामातलं शेवटचं जहाज आहे. त्याच्याजवळ माझा शब्दकोश आहे, तो शाळेच्या गुरुजींना दे. अर्धवटच राहिलाय. त्यांनी पुरा करावा. कोश पोहोचवून वसंतात परत यायचं, असं इसिदोरला वाटतंय. वाटू दे. पण त्याला परत पाठवू नकोस.

आता तुझ्या कपाळाला आठ्या पडल्या असतील. सांगतो.

उन्हाळ्यात उत्तरेकडचा राजदूत वजिरांपुढे उभा राहून म्हणाला, "आमचे महाराज बजावतात, नदीकाठचा किल्ला रिकामा करा." मी तुर्कीत सांगितलं, "आमचे महाराज विनवतात." यात कपट नव्हतं गं. इथे दुभाष्याचं कामच ते. राजदूत गुरगुरतो, वजीर खेकसतात, आणि आपण मधे उभं राहून दोघांच्या बोलण्याचं लोणी करायचं. आजवरचे सगळे दुभाषी हेच करत आले आणि दरबाराला ते ठाऊक आहे. वजीर हसून म्हणाले, "विनवू दे की!" किल्ल्यावर एक शिपाईही जास्तीचा गेला नाही.

महिन्याभरापूर्वी त्या महाराजांचं सैन्य नदी ओलांडून आलं. किल्ला पडला. आत माणसं होती, ताई. मी रोज जेवायला बसतो आणि मला ती आठवतात.

राजदूताला सात बुरुजांच्या तुरुंगात टाकलंय. तिथे दुसऱ्या दुभाष्यापुढे तो ओरडून सांगतोय, मी बजावलं होतं! वजिरांना आता उडवायला एक मान हवी आहे.

काल माझ्या साहेबांनी, रईस एफेंदींनी, बोलावलं. स्वतःच्या हाताने कॉफी पुढे केली.

"स्कार्लातोस बे, त्या भाषणाचा तुर्की खर्डा कुणी लिहिला होता?"

"माझ्या भाच्याने."

"मग झालं तर. पोरगं नवखं आहे, शब्द चुकला. तुम्ही तेवढं रविवारी वजिरांपुढे म्हणा. तुमच्यासारखा विद्वान आम्हाला पुन्हा कुठे मिळायचा?"

ताई, मी "नाही" म्हणालो नाही. "विचार करतो," म्हणालो. घोड्यावरून घरी येईपर्यंत मी खरंच विचार करत होतो. माझी लाज वाटते मला.

घरी इसिदोर सूप ओरपत बसला होता. माझं तोंड बघून म्हणाला, "काय मामा, आज पुन्हा कुणी शिव्या घातल्या वाटतं? मग त्यांचं अत्तर करून पाजलंत की नाही वजिरांना?" आणि स्वतःच खो खो हसला.

मला हसू आलं नाही. कारण भाषण आदल्या दिवशी लेखी आलं, तेव्हा त्याने खर्ड्यात 'बजावतात' असंच लिहिलं होतं. वर मला म्हणालाही होता, "मामा, तो विनवत नाहीये हं." मी म्हटलं, "तुला काय कळतंय दरबारातलं?" आणि माझ्या हाताने शब्द खोडला. कोशात या दोन शब्दांना मी कितीतरी पानं दूर ठेवलंय. तोंडात मात्र ते मला दूर ठेवता आले नाहीत.

रविवारी मी सांगणार आहे की शब्द माझा होता. कबुली मिळाली की इसिदोरच्या मागे खिओसपर्यंत कुणी धावणार नाही. पण इथे राहिला तर तो गप्प बसायचा नाही, मला वाचवायला काहीतरी बरळेल. तुझाच मुलगा तो. म्हणून जहाजावर चढवतोय. शाळेत शिकवू दे त्याला. लग्न कर त्याचं. मामा कसा आहे विचारलंस तर सांगेल, मजेत आहे, लठ्ठ झालाय. ते ऐकताना त्याच्यासमोर रडू नकोस.

मी भितो आहे, ताई. तुझ्याशी कशाला गोड करून बोलू? फार भितो आहे.

जहाज दिसेनासं झालं की न्हाव्याला बोलावीन. दाढी पदाची आहे, ती त्यांनी उतरवण्याआधी मीच उतरवतो. रविवारी जो उभा राहील तो आपल्या बाबांचा मुलगा असेल.

या खेपेला मी विनवत नाही, बजावतो. त्याला परत पाठवू नकोस.

तुझा, बिनदाढीचा,
स्कार्लातोस