रविवारपर्यंत तिथेच

बाबा, आमच्या कुकरची शिट्टी चार दिवस तुळशीच्या कुंडीत होती आणि मी ती तिथेच राहू दिली. हे ऐकून तुम्ही खुर्चीतून उठला असतात. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, मी कधी एक ओळ लिहिली नाही. आज लिहिते आहे ती त्या शिट्टीमुळे.

आठवडाभर तुम्ही बेलापूरच्या कचेरीत ड्राफ्ट्समन म्हणून नव्या शहराच्या रेघा मारायचात. टी-स्क्वेअर, ट्रेसिंग पेपर, एका सेक्टरसारखा दुसरा सेक्टर. आणि रविवारी सकाळी वाशीच्या आपल्या दोन खोल्यांत तुमचं अमेळ मंडळ भरायचं. पाच-सहा माणसं, सतरंजी, चहा. "जिथे सगळं जुळलेलं दिसतं, तिथे कोणालातरी गप्प बसवलेलं असतं," हे तुमचं पहिलं सूत्र. मेळ ही सोय आहे, सत्य नाही. ज्याला गोंधळात राहता येतं त्यालाच दुसऱ्या माणसाबरोबर राहता येतं, असं तुम्ही हात नाचवत सांगायचात. मला ते रिकामपणाचे उद्योग वाटायचे. मंडळाची एक रीत होती. उठताना प्रत्येकाने त्या घरातली एक वस्तू हलवायची आणि घरच्यांनी ती पुढच्या रविवारपर्यंत जागेवर न्यायची नाही. आई चिडायची. "सहा दिवस रेघा मारता आणि सातव्या दिवशी माझी मिठाची बरणी पळवता! औषधांना नि गॅसला कोणी हात लावला, तर मंडळासकट जिन्यात बसवीन." नियमच नको म्हणणाऱ्या मंडळाच्या वहीत तेवढा एक नियम तुम्ही मुकाट लिहून घेतलात.

मग माझ्या बी.ए.च्या शेवटच्या पेपरची सकाळ. हॉल तिकीट टेबलावर नाही. आपण तिघं घर उलटंपालटं करतो आहोत, मी रडते आहे आणि ओरडते आहे. शेवटी आईला ते शब्दकोशात सापडतं. तुम्ही म्हणता, "मिळालं ना?" मी अर्धा तास उशिरा पेपरला बसते. पुढच्या रविवारी तुर्भ्याच्या कारखान्यातले फोरमनकाका आले, तेव्हा मी दारातच उभी होते. आदल्या बैठकीत ते सगळ्यांत शेवटी उठले होते, म्हणून माझा राग त्यांच्यावर. ते म्हणाले, "पोरी, शप्पथ सांगतो, मी फक्त घड्याळ स्वयंपाकघरात टांगलं." मी म्हटलं, "मंडळ बंद झालंय." ते तुमच्याकडे बघत राहिले. तुम्ही म्हणालात, "ती म्हणते तसं." ते गेल्यावर तुम्ही स्वयंपाकघरातलं घड्याळ काढलंत आणि बाहेरच्या खोलीत त्याच्या जुन्या खिळ्याला लावलंत. त्यानंतर आपल्या घरात काही हललं नाही. रविवारी सकाळी तुम्ही पेपर वाचायचात, तोच पुन्हा.

मी माझं घर कसं ठेवलं असेल ते सांगायला नको. डब्यांवर चिठ्ठ्या, चाव्यांना आकडे. शाळेत मुख्याध्यापिका होते, घरातही तीच राहिले. तुमच्या जावयांनी कधी तक्रार केली नाही आणि मी त्यालाच सुख समजले. दोन वर्षांपूर्वी त्यांना विसरायचा आजार जडला. चष्मा तांदळाच्या डब्यात, रिमोट देवघरात. मी शोधायची, जागेवर ठेवायची, रागवायची. मी खोलीत शिरले की ते शाळेतल्या मुलासारखे दोन्ही हात पाठीमागे घ्यायचे. लेक उलव्याहून आली तेव्हा तिनं ते पाहिलं. म्हणाली, "आई, बाबा तुला घाबरतात. पनवेलजवळ एक केंद्र आहे, नीट बघतात तिथे. एक तारखेपासून जागा आहे." मी फॉर्म भरला. सही एका झटक्यात केली, हेही लिहून ठेवते.

त्याच आठवड्यात शिट्टी हरवली. वरण खोळंबलं होतं. शोधता शोधता गॅलरीत गेले, तर तुळशीच्या मातीत ती नीट रोवलेली, टोक वर. वळले तर हे दारात उभे, हात पाठीमागे. मी विचारलं, "कोणी ठेवली ही?" ते म्हणाले, "मला माहीत नाही, मॅडम."

मॅडम! एकेचाळीस वर्षांच्या संसारानंतर. त्या चेहऱ्यावर मला फोरमनकाका दिसले, आणि तुमचं पहिलं सूत्र त्या क्षणी समजलं. माझ्या घरात सगळं जुळलेलं होतं.

मी म्हटलं, "असू दे. रविवारपर्यंत तिथेच राहू दे." वरण पातेल्यात शिजवलं, तासभर लागला. हे शेजारी बसून बघत होते, हात मांडीवर. जेवताना गॅलरीकडे बोट दाखवून म्हणाले, "काहीतरी उगवलंय तिथे." मी हसले. मग तेही हसले, मोठ्यांदा, ठसका लागेपर्यंत.

लेकीला फोन केला, "एक तारखेचं रद्द कर." ती म्हणाली, "आई, तू बरी आहेस ना?" बरी आहे. औषधं आणि गॅसची चावी कुलपात, आईच्या नियमाप्रमाणे. दिवसा एक बाई येते. बाकी घर हलतं. आजार वाढेल, कदाचित केंद्रात ठेवावंही लागेल, पण ते मला घाबरून जाणार नाहीत. गेल्या आठवड्यात मी स्वतः घड्याळ स्वयंपाकघरात टांगलं. ते दिवसातून चारदा मला वेळ सांगायला येतात, बहुतेक वेळा चुकीची. कितीतरी वर्षांनी मी खांदे खाली सोडून बसते आहे.

आता एकच राहिलं. पेपरच्या आदल्या संध्याकाळी एक शब्द बघता बघता खूण म्हणून ते हॉल तिकीट मीच शब्दकोशात घातलं होतं. पेपर लिहिताना तोच शब्द आला आणि मला आठवलं. म्हणजे फोरमनकाका दारात आले, तेव्हा मला माहीत होतं.