राखणदाराची हद्द

पूर्णगड,
सप्टेंबर १९८८

चि. सहदेवभावोजी यांस दमयंतीवहिनीचे आशीर्वाद. तब्येत कशी? वेळेवर जेवता ना?

त्या सकाळी मी गोठा झाडला, म्हशीला पेंढा टाकला, पेज चुलीवर ठेवली आणि पेपर उघडला. (तुमच्या दादांना वाचून दाखवायची सवय, अजून मोठ्यानेच वाचते. म्हैस ऐकते, पण मत देत नाही. दादा द्यायचे.) ब्रह्मदेशात लोक सरकारविरुद्ध रस्त्यावर उतरलेत, गोळीबार चालू आहे, एवढे वाचले आणि पेज उतू गेली. तुम्ही तिथेच रंगूनला, आपल्या वकिलातीच्या फाटकावर पहाऱ्याला. तुमचे पत्रही आदल्याच दिवशी आलेले, की पोरे जीव घेऊन फाटकापाशी पळत येतात, आत घ्यायचा हुकूम नाही, आणि तुम्हाला झोप नाही.

तशीच भागोजी गुरवाकडे गेले. म्हटले, शिवेवरच्या राखणदार देवाला भावोजींसाठी गाऱ्हाणे घाला. भागोजी म्हणाला, राखणदार शिवेच्या आतले बघतो; मुंबईच्या चाकरमान्यांपर्यंत कसाबसा जातो, समुद्रापलीकडे कसा धाडू? मी पेपरातले सांगितले, की वकिलातीच्या आवारात त्यांचे पोलीससुद्धा विचारल्याशिवाय शिरत नाहीत, म्हणजे ती जागा आपलीच. तो म्हणाला, देशाची असेल, गावाची कशी? शेजारचा काशीराम तिथेच बसला होता, तो मध्ये पडला, की त्यांचा थिबा राजा रत्नागिरीत मरेपर्यंत राहिला, त्याची जाण त्यांचेच देव ठेवतील. भागोजी म्हणाला, तो रत्नागिरीकरांचा प्रश्न. (पूर्णगडचे परराष्ट्र धोरण वेगळे आहे, हे मला त्या दिवशी कळले.) शेवटी मी म्हटले, फाटकावर गावचा माणूस उभा आहे, त्याच्या पायाखालची तेवढी तरी जागा गावची धरा. भागोजीने तोंडातली सुपारी थुंकली आणि नारळ उचलला.

“बा म्हाराजा, फाटकाच्या आत जो कोण आपला हाय, त्याला सांभाळ रे म्हाराजा.”

आम्ही “व्हय म्हाराजा” म्हटले. मी सर्वांत मोठ्याने.

तेव्हा भावोजी, हुकूम तो हुकूम. फाटक बंद ठेवा, भिंतीच्या आडोशाला उभे राहा. घरातला एक माणूस गेला तेवढे पुरे.

तुमची,
दमयंतीवहिनी

ता.क. हे पत्र दिल्लीच्या सरकारी थैलीतून जाते म्हणतात. वाटेत कोणी साहेब वाचत असतील तर त्यांना नमस्कार. त्यांनी इथेच थांबावे, पुढचे घरगुती आहे.

मोठ्या फाटकाला लहान दार असेलच. पोर पळत आले तर हुकूम मोठ्या फाटकाचा आहे असे समजावे. तुमचे दादा हेच म्हणाले असते, आणि मी त्यांच्याशी भांडले असते.

आणखी एक. भागोजीच्या गाऱ्हाण्यात फाटकाबाहेरची पोरे राहून गेली, हे घरी आल्यावर लक्षात आले. बायकांनी गाऱ्हाणे घालायची आपल्यात रीत नाही. दुसऱ्या दिवशी मी एकटीच शिवेवर गेले, नारळ ठेवला आणि त्यांच्यासाठी घातले. “व्हय म्हाराजा” म्हणायला कोणी नव्हते, तेही मीच म्हटले.