केशरबाईंचे एक मिनिट

मी, नीला देवराम तायडे, वय ६४, माहितीपट करणारी, राहणार शहाड, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने, कुणाच्याही सांगण्यावरून नव्हे, लिहीत आहे. साखर वाढली आहे, डोके शाबूत आहे.

१. शहाडचे घर, कॅमेरा व माइक भाची वैशाली हिला द्यावेत.

२. लोखंडी कपाट भाऊ धम्मपाल याला. माझ्या कामाला तो तीस वर्षे 'बायकांची रडगाणी' म्हणत आला. कपाट जड आहे, त्याने स्वतः येऊन न्यावे. त्या निमित्ताने तरी घराची पायरी चढेल.

३. निळ्या डब्यातली 'वागळे, १९९८' ही कॅसेट केशरबाईंची मुलगी मंदाकिनी हिला. याचे कारण लिहिणे भाग आहे.

केशरबाई वागळे इस्टेट या औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यात औषधांच्या बाटल्यांना लेबले लावत. १९९८ मध्ये माहितीपटासाठी मी त्यांची मुलाखत घेतली. मुलाखत संपली की आम्ही त्या खोलीची मिनिटभर शांतता टिपून घेतो, पुढे आवाज जोडताना ती लागते. मी म्हटले, आता एक मिनिट कुणी बोलू नका. केशरबाईंना वाटले, श्रद्धांजलीच आहे. त्या उठल्या, हात जोडून उभ्या राहिल्या. पंखा कुरकुरत होता. मिनिट सरता सरता त्या म्हणाल्या, "पायल, तुझं नाव मी कुणाला सांगितलंच नाही गं. बारसं कुठे झालेलं तुझं."

पायल त्यांची थोरली मुलगी, जन्मल्यावर नवव्या दिवशी गेलेली. मंदाकिनीला ती ठाऊक नाही.

"ताई, सगळंच पुसून टाका," केशरबाई म्हणाल्या. मी हो म्हटले. माहितीपटात काही घेतले नाही, पण पुसलेही नाही. एकटीच ऐकत राहिले. आता कॅसेट न लावताही ऐकू येते, आधी पंखा, मग त्या. मला भीती वाटते.

केशरबाई गेल्यावर मंदाकिनी आली होती. आईचा आवाज घरात कुठेच नाही, तुमच्याकडे आहे का, असे तिने विचारले. मी पुसला म्हणून सांगितले. तिने चहा संपवला, कप विसळून ठेवला आणि गेली.

वैशालीने कॅसेट स्वतः नेऊन द्यावी, आधी हे पान वाचायला द्यावे. ऐकायचे की पुसायचे, हे मंदाकिनीने ठरवावे.

४. माझी शोकसभा घेतलीच, तर माझ्यासाठी एक मिनिट स्तब्ध उभे राहू नये. शिव्या द्याव्यात, पण कुणी गप्प राहू नये. ते मिनिट पायलचे आहे.

साक्षीदारांसमोर सही केली. सह्या होईपर्यंत पंखा बंद ठेवला होता.

सही: नीला देवराम तायडे
साक्षीदार: डॉ. प्रफुल्ल वैद्य, ऋजुता साकेत लेले
ठिकाण: शहाड
दिनांक: ९ मार्च २०२५