पट्टा तुटल्याचा आवाज

५ फेब्रुवारी २००६, रविवार
लूमचा चामडी पट्टा तुटला की एकच आवाज व्हायचा. चाबूक ओढल्यासारखा. यंत्रमागाच्या कारखान्यात जॉबर होतो, बिघडलेले लूम दुरुस्त करायचे हेच काम. तीस वर्षं तो आवाज ऐकला. सगळ्या खडखडाटातही कळायचं, कुठल्या लूमचा. आज सकाळी कामतघरच्या तळ्यावर तोच आवाज माझ्या पाठीशी झाला आणि डाव्या टाचेच्या वर अशी कळ गेली की खालीच बसलो.

मागे धर्मा. हातात काठी. आणखी कोणी नाही.

मारलंन् त्याने. दुसरं काय? तिसरीत प्रार्थनेला माझ्या मागे उभा राहून पोटरीवर खडे मारायचा. साठ वर्षांत खोड गेली नाही. आणि दहाच पावलं आधी आमची जुंपली होती. शाळेतल्या कवितेचं एक कडवं मी म्हणायचं, पुढचं त्याने, हा फिरतानाचा रोजचा नेम. आज त्याला आठवेना. मी म्हणालो, "दापोड्याच्या शेतात गोदामं बांधलीस, डोक्यातही तीच भरलीस." तोंड पडलं त्याचं. मी तणतणत चढावर पाय रोवला, आणि फट्.

चहाच्या टपरीवर सगळ्यांदेखत सांगितलं. तो म्हणतो, "मी न्हाय मारला रं. तुझी शपत." माझी शपथ! स्वतःची घे की.

७ फेब्रु., मंगळ
डॉक्टर म्हणे लचक. एक्स-रेत हाड शाबूत. "आजोबा, पट्टी बांधा, आराम करा." पोटरी काळीनिळी. जो भेटायला येतो त्याला सगळं पहिल्यापासून सांगतो.
विलास म्हणाला, "बाबा, काठीचा वळ कुठाय?"
म्हटलं, पायजमा होता. पोटचा पोरगा उलटतपासणी घेतो!

१५ फेब्रु., बुध
चवड्यावर उभं राहवत नाही. पायरी चढताना पाऊल फडक्यासारखं लोंबतं. आराम म्हणे.

सूनबाई सांगत होती, धर्माकाका तळ्यावर यायचे बंद झालेत. टपरीवरची माणसं त्यांना 'काठीमार' म्हणतात. म्हणू देत.

दुपारी पडल्या पडल्या शाळेची पडवी दिसली. बाहेर खाडीला भरती, आत शेणाने सारवलेल्या जमिनीचा वास. गुरुजी नुसते "हं" म्हणायचे, की धर्मा डोळे मिटून सुरू. शुद्धलेखनात भोपळा, पण गळा असा! कविता पुस्तकात नसते हे मला त्याच्यामुळे कळलं. असा माणूस मागून मारतो. संताप त्याचाच जास्त.

२२ फेब्रु., बुध
हाडांच्या डॉक्टरकडे. त्यांनी पालथं निजवून दोन्ही पोटऱ्या दाबल्या. उजवं पाऊल हललं. डावं मेल्यासारखं.
"पहिल्या दिवशी कुणी हे केलं नाही?"
नाही केलं! एक पोटरी दाबायची होती. सतरा दिवस लंगडतोय मी. त्या लचकवाल्याच्या दवाखान्यात जाऊन… जाऊ कसा, पाय कुठाय. उद्या सोनोग्राफी.

२३ फेब्रु., गुरु
सेंटरात सगळ्या पोटुशा बायका, मधे मी. समोर पाटी, येथे गर्भलिंगनिदान केले जात नाही. एकीने विचारलं, "चाचा, किसके साथ आये?" म्हटलं, अपने पाँव के साथ. सगळ्या हसल्या. माझं डोकं आणखी फिरलं.

डॉक्टरीणबाई विलासहून लहान. टाचेमागे गार बुळबुळीत जेली लावून यंत्र फिरवलं. आधी उजवा पाय. पडद्यावर बारीक पांढरे धागे, एकाला एक लागून, ताणलेले.
मी म्हणालो, "बाई, हा तर ताणा." लूमवर चढवलेलं उभं सूत हुबेहूब असंच दिसतं.
मग डावा. धागे मधेच संपले. काळी फट. फटीच्या कडेला टोकं.
"मागून कुणी मारल्यासारखं वाटलं होतं का, आजोबा?"
"वाटलं काय, मारलंच."
"ही शीर तुटली की पुष्कळांना तसंच वाटतं. वळून बघतात तर मागे कोणी नसतं."
"माझ्या मागे होता!"

त्यांनी यंत्र पुन्हा त्या फटीवर आणलं. मी पडद्याकडे बघत राहिलो. कारखान्यात शेठ कारागिरावर ओरडायचा, "तूने काटा!" तेव्हा मी सुताचं टोक बघायचो. कापलेलं सरळ असतं, झिजून तुटलेलं पिंजारतं. किती जणांवरचा आळ मी असा उतरवला. आज पिंजारलेलं टोक समोर होतं, माझंच.

म्हातारा मूर्ख. पट्ट्याचा आवाज बरोबर ओळखला, आणि पट्टा कुणाचा ते कळलं नाही!

२४ फेब्रु., शुक्र
पाऊल खाली वळवून प्लास्टर. उशीर झालाय, नाही जुळलं तर ऑपरेशन. हलायचं नाही. नेमकं आता हलायचं नाही.

विलासला धर्माकडे पाठवलं. सांग, सोनोग्राफीत दिसलं, कोणी मारलं नाही. सांग, बाबा चुकले.

२६ फेब्रु., रवि
विलास काल जाऊन आला. धर्मा ओट्यावर बसला होता म्हणे. सगळं ऐकून घेतलं, चहा पाजला, आणि एवढंच, "बापासला सांग, ता कडवा आठवला मना. पन आता म्हननार न्हाय."

सोनोग्राफीचा फोटो टपरीवर नेऊन दाखव म्हटलं विलासला. तो चिडला. "टपरीवर बोललात तुम्ही, बाबा. दाखवू मी?"
खरं आहे. खरं आहे म्हणूनच त्याच्यावर ओरडलो.

१ मार्च, बुध
चिठ्ठी लिहायला घेतली. चार फाडल्या. प्रत्येकीत पायाचंच वर्णन जास्त.

अकराला दार वाजलं. विलास असेल म्हणून "उघडंच आहे" ओरडलो.

यमुनावहिनी. धर्माची बायको. आमच्या हिच्या दहाव्यानंतर या घरी आल्या नव्हत्या. एकट्याच. हातात धर्माची काठी.

"ही घ्या, भावजी. घरान नको आमच्या."

आत या म्हटलं. बसा म्हटलं. काठी माझ्यापुढे आडवी धरलेली, तशीच. बसल्या नाहीत. गेल्याही नाहीत, मी तोंडाने काय बोलतो याची वाट बघत.