बाहेरच्या खोलीतला देव्हारा

प्रिय खिएम,

तुझी तब्येत कशी आहे? रीत म्हणून विचारत नाहीये, खरंच विचारतेय. छातीत दुखतं का? जिना चढताना दम लागतो का? दोन वेळचं जेवण नीट जातं का? तुझ्या बायकोचे, लिएनचे, गुडघे कसे आहेत? मागे आली होती तेव्हा चटईवरून उठताना भिंतीचा आधार घ्यायची. तुझ्या दुकला अजून शिंपल्यांचं कालवण सोसत नाही की आता बाप्या झाल्यावर सगळं पचतं? आणि आपली येन? मी पाहिली तेव्हा तिचे पुढचे दोन दात पडलेले होते, आता कॉलेजात असेल. तिचा दमा गेला का? एकेकाचं वेगवेगळं लिही. ‘इकडे सर्व मजेत’ असं एका ओळीत सगळ्यांना गुंडाळू नकोस. आणि सर्वांत आधी तुझं लिही. का, ते सांगते. पण आधी पोटातली आग बाहेर पडू दे, नाहीतर हातातला कागद पेटायचा.

नऊ वर्षांनी ताईचं पत्र बघून तू पाकीट उलटंपालटं करून पाहिलं असशील. अक्षर माझंच आहे. शाळेचं तोंड मी पाहिलं नाही, हे तुला माहीत आहे. उदबत्तीच्या पुड्यांवरची अक्षरं जुळवत जुळवत शिकले, म्हणून अजूनही माझं प्रत्येक अक्षर पुडीवर छापल्यासारखं सुटं उभं राहतं. तू हसायचास त्याला. हस.

दोन वर्षांपासून आपल्या गावात हनोईहून परदेशी पाहुण्यांच्या बसगाड्या येतात. उदबत्तीचं गाव बघायला. आधी मला बरं वाटलं. म्हटलं, जगाला कळू दे की देवापुढची काडी झाडाला लागत नाही. बांबू चिरावा लागतो, सोलावा लागतो, मसाला मळावा लागतो, पाटावर एकेक वळावी लागते. पण त्यांना वळणं बघायचंच नसतं रे! त्यांना हवा असतो रंग. खालचा दांडा लाल रंगवून जुड्या उन्हात फुलासारख्या पसरायच्या, ही आपली पद्धत. आता निळ्या, हिरव्या, पिवळ्या जुड्या लागतात. त्या काड्यांना मसाला कधी लागतच नाही. ऊन आलं की बाहेर, पाऊस आला की आत. गेली दोन वर्षं त्याच काड्या फुलताहेत! नवरीला नटवून नटवून मांडवातच म्हातारी करायची, तसला प्रकार. मधोमध स्टूल ठेवलेलं, त्यावर बसून फोटो काढायचे. आणि स्टुलापर्यंत जाताना काड्या ओलांडायच्या! बुटासकट! लहानपणी तू एकदा एक जुडी ओलांडलीस तर बाबांनी तुला अंगणात कान धरून उभं केलं होतं, आठवतं? “पितरांच्या पुढे जायची वस्तू तुझ्या पायाखालून जाणार का रे?” आता रोज चाळीस जणांच्या पायाखालून जाते, आणि कान कुणाचा धरू?

त्यांना फिरवणारा पोरगा आहे क्वान. गळ्यात माइक, हातात छोटं निशाण. मनाचा वाईट नाही, येताना माझ्यासाठी सुपारी आणतो. पण जीभ अशी की पाण्यातून लोणी काढील. मी एकदा त्याला म्हटलं, “अरे, ते लोक तोंडाने फुंकून काडी विझवतात. हाताने वारा घालायचा असतो एवढं तरी सांग.” तर म्हणतो, “आजी, लांबून आलेत बिचारे, फुंकू द्या. पितर काय फुंकरीने उडून जाणार आहेत?” मी म्हटलं, “माझे नाही जाणार, पण तुझे लाजेने जातील.” बसमधले कळत नसूनही हसले. तोही हसला. रागावतसुद्धा नाही मेला.

दोन महिन्यांपूर्वी त्याच्या डोक्यात आलं की पाहुण्यांना ‘जुनं घर’ दाखवायचं. आतल्या आपल्या देव्हाऱ्याजवळ मी कुणाला फिरकू देईना. मग त्याने आपली बाहेरची खोली मागितली, बांबू ठेवायची. माझ्या सूनबाईने, थोआने, हो म्हटलं. तुझा भाचा तोआन तर ट्रकवर, महिन्यातून दोनदा तोंड दाखवतो. घरात बोलायला उरलो आम्ही दोघी, आणि ती तर त्या बसवर खूश. बाजारातून नवाकोरा देव्हारा आला. त्याला पॉलिश घासून जुना केला, वर पितळी उदपात्र, ताटात मेणाची फळं. मी म्हटलं, पितर नसलेला देव्हारा म्हणजे भांडं नसलेली चूल. तुमची भातुकली तुम्ही खेळा, मी त्या खोलीत पाऊल टाकणार नाही. आणि नाही टाकलं. तिथेच चुकलं माझं. दारातल्या बाकावर बसायचे, पान चघळत. क्वान त्यांच्या भाषेत आत काहीतरी बोलायचा, मग माझ्याकडे हात करायचा, सगळे वळून माझ्याकडे बघायचे, आणि मी आपली हसून मान हलवायची. एका बाईने माझा हात हातात घेतला. एकीने डोळे पुसले. मला वाटलं, धुराने.

गेल्या मंगळवारी परदेशी नव्हे, आपल्या हायफोंगच्या बायकांची बस आली. त्यामुळे क्वान आपल्या भाषेत बोलला. तेव्हा प्रथमच मला कळलं, इतके दिवस मी कशाला मान हलवत होते ते. “हा आजींचा धाकटा भाऊ. एकोणीस वर्षांचा असताना लढाईवर गेला, परत आला नाही. आजी आजही रोज त्याच्यासाठी उदबत्ती वळतात. आपणही त्याच्यासाठी तीन-तीन काड्या लावू या.” खिएम, माझ्या तोंडातलं पान तोंडातच राहिलं. माझ्याच वयाची एक बाई रडत रडत बाहेर आली, म्हणाली, “ताई, माझाही एक भाऊ परतला नाही हो.” मी म्हटलं, “बाई, तुमच्या भावाला माझा नमस्कार. पण माझा भाऊ लढाईवरून धडधाकट आला, दक्षिणेतल्या कांथोची मुलगी केली, तिकडेच मोटारीचे सुटे भाग विकतो, आणि त्याला आंबट ढेकरांशिवाय काही झालेलं नाही!” आणि आत घुसले. डोळ्यांत मोतीबिंदू, सगळं तांदळाच्या धुवणातून बघितल्यासारखं दिसतं. पण ते कान मी कुठेही ओळखीन. लढाईवर जायच्या आधी हनोईच्या स्टुडिओत काढलेला तुझा फोटो, उसन्या शर्टातला, दोन्ही कान सुपासारखे बाहेर. काळी चौकट. पुढे उदपात्रात काड्यांचं रान. एवढ्या उदबत्त्या तर आपल्या बाबांनाही कुणी लावल्या नाहीत.

मी स्टुलावर चढून फोटो काढला. सगळ्यांसमोर क्वानची जी काढायची ती काढली. “माझा भाऊ मेला हे तुला कुणी सांगितलं?” तर तो म्हणतो, “आजी, रोज तुम्हीच तर मान हलवत होता!” आणि पुढे, बायका बसमध्ये चढल्यावर, हळूच, “मग दुसऱ्या कुणाचा फोटो आहे का? गोष्ट नसेल तर लोक नुसतेच आत बघून जातात.” मी चप्पल उचलली तेव्हा पळाला. त्या दिवसापासून अंगणाला आडवा बांबू घातलाय. बस येते, वळते, शेजाऱ्यांकडे जाते. थोआ दोन दिवस माझ्याशी बोलली नाही.

तिसऱ्या दिवशी बोलली. मी तिला सुनावत होते: “जिवंत माणसापुढे उदबत्ती लावली की काडीबरोबर त्याचं आयुष्य जळतं, हे तुझ्या आईने शिकवलं नाही का तुला? बावीस दिवस तो फोटो तिथे! रोज चाळीस माणसं! माझ्या भावाचं काय उरवलंस तू?” ती आधी ऐकून घेत होती. मग बाहीने तोंड पुसून म्हणाली, “सासूबाई, मला कसं कळणार? तुमच्या आई गेल्या तेव्हा डोक्याला बांधलेल्या शोकाच्या पांढऱ्या पट्ट्या आणि तुमच्या बाबांची लढाईतली पदकं ज्या पेटीत आहेत, त्याच पेटीत हा फोटो पालथा होता, पाठीवर तुमच्या अक्षरात ‘धाकटा भाऊ, वय १९, लढाईवर जाताना’; गेलेल्यांतलाच समजून मी तो क्वानला दिला. मी या घरात येऊन आठ वर्षं झाली. तुम्हाला भाऊ आहे, हे तुमच्या तोंडून मी मंगळवारी पहिल्यांदा ऐकलं.”

क्वानला बोलले, थोआला बोलले, बुटांना आणि मेणाच्या फळांना बोलले. या पत्राची तीन पानं बोलले. पण फोटो पेटीत कुणी ठेवला होता? आईला माती दिल्यावर दोन दिवसांनी तू पोचलास. पुराने रस्ते तुटले होते, हे मला तेव्हाही माहीत होतं. पिशवी खांद्यावर, गुडघ्यापर्यंत चिखल. सगळ्या भाऊबंदांसमोर मी म्हटलं, “आईला माती द्यायला जो येत नाही, तो माझ्यालेखी मेला.” तू बसला नाहीस. तीन काड्या लावल्यास, बाबांनी शिकवल्याप्रमाणे हाताने वारा घालून विझवल्यास, आणि तसाच गेलास. त्याच संध्याकाळी मी तुझा फोटो भिंतीवरून काढला. तुझं नाव घरात काढायचं नाही म्हणून सांगितलं. तुझा फोन नंबर लिहिलेला कागद चुलीत घातला. त्या पोरांनी तुला महिन्याभरापूर्वी मारलं, मी नऊ वर्षांपूर्वी. त्यांनी निदान उदबत्ती तरी लावली. ते शब्द मी परत घेते, खिएम. परत घेता येतात की नाही माहीत नाही, पण घेते. देव्हारा शुद्ध करतो त्या आल्याच्या दारूने फोटो पुसला, काळी चौकट फोडली, आणि जुन्याच खिळ्याला परत लावला, अंगणाकडे तोंड करून. पुढे उदबत्ती नाही. आईच्या पुण्यतिथीला पाच आठवडे आहेत. आडवा बांबू तू आलास तर काढीन. पण ते नंतरचं. आधी, हे पत्र मिळेल त्याच दिवशी उत्तर लिही. दुककडून लिहवून घेऊ नकोस, तुझ्या हाताने लिही. दोनच ओळी लिही. त्यात मला शिव्या असल्या तरी चालतील. मेलेली माणसं शिव्या देत नाहीत, एवढंच मला बघायचंय.

तुझीच,
ताई