अकरा सेकंद

प्रिय धाकट्या,

बाबांना जाऊन महिना झाला, पण माझ्या संकलनाच्या खोलीत ते रोज सकाळी दहाला हजर असतात. त्यांच्यावरच्या तेरा माहितीपटांमधून एक शेवटचा जोडायचं काम माझ्याच गळ्यात पडलंय. एका पडद्यावर पन्नाशीतले बाबा, दुसऱ्यावर सत्तरीतले. रंगभूमीवर राजे, खुनी, भिकारी रंगवले, आणि इथे श्रेयनामावलीत नुसतं ‘स्वतः’. तू म्हणायचास ना, हीच त्यांची सगळ्यात कच्ची भूमिका! खरंय रे. कॅमेरा दिसला की स्वतःच्या घरातही पाहुण्यासारखे अवघडून बसतात.

मुलाखत संपली की सगळ्यांनी मिनिटभर गप्प बसायचं असतं. त्या खोलीची शांतता ध्वनिमुद्रित करतात. संकलनात एखादं वाक्य कापलं की त्या जागी ती भरायची, म्हणजे कापलेलं कानाला कळत नाही. पहिला माहितीपट सोडला, तर त्या मिनिटात बाबा बाराही वेळा दाराकडे बघत बसलेत. परवा आवाज वाढवला तर त्यांचा श्वास ऐकू आला. मी घाबरून हेडफोन काढून ठेवले.

मीच जोडलेल्या त्या पहिल्या माहितीपटाचा खेळ आठवतो? बाबा पडद्यावर म्हणाले, “मुलगी माझी कामसू आहे,” आणि लगेच दौऱ्यांच्या गोष्टी सांगू लागले. तू अंधारातच उठून गेलास, तो घरीही परतला नाहीस. जगासमोर त्यांनी तुला पुसून टाकलं असं तुला वाटलं, आणि मी वाटू दिलं. बाहेर आल्यावर बाबांनी मला एवढंच विचारलं, “त्या ‘कामसू’नंतर खोकलो होतो का गं मी?” मी हो म्हटलं. त्यानंतर प्रत्येक मुलाखतीआधी ते बजावायचे, मुलांबद्दल विचारू नका. मला पाठीशी घालता घालता तुला गमावून बसले.

ते खोकले नव्हते. पुढे म्हणाले होते, “पण माझी कला उतरलीय ती धाकट्यात. तो माझ्या पुढे जाईल, आणि मी पहिल्या रांगेत बसून बघेन.” माझा नुसता जळफळाट झाला रे. मी कात्री चालवली आणि वर ती शांतता पसरली. मूळ टेप मात्र पुसवली नाही. बावीस वर्षं माझ्या कपाटात साड्यांखाली होती. त्यातला तो तुकडा सोबत पाठवतेय. मला माफ नको करूस हवं तर, पण एकदा लावून बघ. अकरा सेकंदांचा आहे, आणि शेवटी बाबा हसतात.

तुझीच, म्हणू देशील तर,
ताई