मंगलच्या तिखट करंज्या

२४ नोव्हेंबर, सोमवार

एकोणीस करंज्या फुटल्या! काल मी भरलेल्या, रात्रभर फ्रीजरमध्ये ठेवलेल्या. आज सकाळी मंगलनं बघायला म्हणून कढईत सोडल्या आणि एकेकीचं तोंड उघडत गेलं. मटार तेलावर तरंगायला लागले. मंगलनं गॅस बंद केला.

"सारण गरम असताना भरलंत?"

"कोमट होतं."

"कोमट म्हंजी गरमच. आत वाफ धरती, तिचा बर्फ हुतो, आन् तेलात पडला की फुटतो. गाडी तापल्यावर थांबत हुता ना? मंग हितं बी थांबायचं."

एकतीस वर्षं एसटी चालवली. बायकोकडून असं ऐकायची वेळ आली नव्हती.

फुटलेल्या मीच खाल्ल्या. चव चांगली होती.

२५ नोव्हेंबर, मंगळवार

कशासाठी शिकतोय ते एकदा लिहून ठेवतो.

मंगल सहा वर्षं या तिखट करंज्या करते. न तळता फ्रीजरमध्ये गोठवायच्या आणि पिशव्या भरून पुण्याला पाठवायच्या. आमची शेफाली तिकडे राहते, तिच्या सोसायटीतल्या बायका घेतात. पाहुणे आले की पिशवी उघडली, तळल्या, झालं. आमच्या गावावरून उत्रोलीच्या करंज्या म्हणून आता नाव झालंय.

जानेवारीत मंगलचं ऑपरेशन आहे. तिला काही झालेलं नाही. तिच्या भावाच्या, इंद्रजितच्या, दोन्ही किडन्या गेल्या. भाटघरला असतो. आठवड्यातून तीनदा पुण्याला डायलिसिस. मंगल त्याला आपली एक किडनी देणार आहे. तपासण्या झाल्या, जुळतंय. नंतर दोन-तीन महिने तिला वजन उचलायचं नाही, वाकायचं नाही. म्हणून करंज्या मी करायच्या. हे तिनंच ठरवलं, मी हो म्हणालो.

हॉस्पिटलनं एक कागद दिलाय. नवऱ्याची संमती. खाली सही करायची. तो माझ्या लायसनच्या पाकिटात आहे. सही केलेली नाही.

मंगल विचारत नाही, मी सांगत नाही.

१ डिसेंबर, सोमवार

आज फुटल्या दोनच.

४ डिसेंबर, गुरुवार

पीठ घट्ट हवं. मैद्यात मूठभर रवा आणि कडकडीत तेलाचं मोहन, मग ओल्या फडक्याखाली तासभर. सारण कोरडं परतायचं आणि ताटात पसरून पूर्ण गार करायचं. मटार अर्धवट ठेचायचे, अख्खे राहिले तर पारी फाडतात. बटाटा घालायचा नाही. मी विचारलं का, तर म्हणाली, "गोठला की भुसभुशीत हुतो, पानी सोडतो. म्या पहिल्या वर्षी घालून बगितला. पिशव्या परत आल्या."

सगळ्यात अवघड मुरड. मंगल अंगठ्यानं कड दुमडत जाते, दोरीच्या पिळासारखी, बघेपर्यंत दुसऱ्या टोकाला पोचलेली असते. माझी मुरड म्हणजे आमच्या जुन्या गाडीचा पत्रा. शेजारची अंबूबाई बघून गेली. "दादा, कातण्यानं कापा की सरळ! कोन बगतंय?"

मंगल म्हणाली, "नगं. कातलेली कड फ्रीजरमदी उलती."

मग मुरडच. बेचाळीस झाल्या. ताटात सुट्या मांडल्या, एकीला दुसरी चिकटू न देता. उद्या दगडासारख्या झाल्या की पिशवीत.

सही करायची नाही तर मग हे कशाला शिकतोय?

७ डिसेंबर, रविवार

लाईनचं काम, सकाळपासून वीज नाही. फ्रीजर उघडायचा नाही, त्यावर तीन गोधड्या टाकल्या. आत दोनशे करंज्या. आम्ही दोघं शेजारी बसून राहिलो, आजाऱ्याजवळ बसल्यासारखे.

मंगल भावाचं सांगत होती. तिच्यापेक्षा सात वर्षांनी लहान. आई शेतावर गेली की हाच कडेवर. "शाळंत बी नेलाय म्या त्याला. बाई मारायच्या, तरी न्यायची."

मग गोधडी नीट करत म्हणाली, "दुकत आसंल का वं लई?"

मी म्हणालो, "डॉक्टरला विचार."

वीज पाचला आली. करंज्या शाबूत.

१२ डिसेंबर, शुक्रवार

ओल्या तुरीच्या शेंगा आल्या. दाणे सोलून नखं हिरवी. मटारापेक्षा यांच्या करंज्या जास्त चांगल्या होतात. नव्वद.

१६ डिसेंबर, मंगळवार

शेफालीचा फोन. करंज्या पोचल्या. "पप्पा, मुरड कुणी घातली? आईची नाहीये ही!" हसत होती. मग म्हणाली, "कागदाचं काय झालं? मामाकडचे विचारतायत."

मी म्हणालो, बघतो.

"पप्पा, तुम्ही अजून ते लग्नाचं धरून बसलाय का?"

धरून बसलोय? लिहितो म्हणजे मलाच कळेल.

चार वर्षांपूर्वी शेफालीचा साखरपुडा. इंद्रजित पिऊन आला. तेव्हा प्यायचा. व्याह्यांच्या समोर खुर्चीवरून पडला. मी भर मांडवात ओरडलो — "लग्नात असा यायचा असशील तर येऊच नको." तो खरंच आला नाही! अंतरपाटाजवळ मुलीच्या मागं मामा लागतो. सख्खा मामा असून चुलत मामा उभा केला. मंगलनं त्या दिवशी कुणाशी वाद घातला नाही, कुणाला दोष दिला नाही. त्यानंतर ती एकटीच भाटघरला जाते. मी पाय ठेवला नाही.

मला वाटायचं चूक सगळी त्याची. आता लिहिताना दिसतंय, बाजूला नेऊनही बोलता आलं असतं. तरी सख्ख्या भाचीच्या लग्नाला न येणं... आणि त्याच माणसासाठी माझ्या बायकोचं पोट फाडायचं?

बस. एवढंच धरून बसलोय.

२१ डिसेंबर, रविवार

भाटघरला गेलो.

मंगलनं पाठवलं. दोन पिशव्या करंज्या, त्याच्या पोरींसाठी. "मला आज पीठ मळायचंय, तुमीच जावा." यात काही डाव असावा. गाडीला किक मारली आणि गेलो.

इंद्रजित ओसरीवर बसलेला. ओळखलाच नाही आधी. चेहरा सुजलेला, पाय सुजलेले, हात मात्र काड्या. मला बघून उठायला लागला. "दाजी! या, या." त्याची बायको सुलू दारात आली, पिशव्या घेतल्या, आत गेली. चहा आला. त्याला आला नाही.

"तू घेत नाहीस?"

"पानी बी मोजून पितो. दिसाला ह्यो येक तांब्या. त्यातच समदं."

सुलू मागं गोठ्यात गेली तसा तो पुढं सरकला.

"दाजी, येक सांगू? तुमी सही करू नका."

मी कप खाली ठेवला.

"अक्काला म्या नगं म्हनलं तर ती ऐकायची न्हाई. सुलू तर रोज तिच्या पाया पडती. पोरी ल्हान हायेत, तिचं बी बराबर हाय. पन माज्यापायी अक्काला काय झालं तर? तुमी नवरा हाय. तुमी अडवलं तर कुनी काय म्हननार न्हाई. तुमचं आन् माजं न्हाई तरी पटत न्हाई, समद्यांना ठावं हाय."

"आणि तुझं काय?"

"मेलेल्या मान्साची किडनी मिळती, त्या यादीत नाव हाय. नंबर आला तर आला. डायलिसिस चालूच हाय की."

निघताना म्हणाला, "दारू सोडून तीन वर्सं झाली. लग्नाला येऊन मागंच हुबा ऱ्हायलो असतो तरी चाललं असतं. आलो न्हाई. चुकलं."

मी काही म्हणालो नाही. म्हणायला हवं होतं. माझंही चुकलं, एवढे दोन शब्द. गाडी चालू केली आणि आलो.

मंगलनं विचारलं, "कसा हाय?"

"बरा आहे."

२८ डिसेंबर, रविवार

कागद काढला, वाचला, परत ठेवला. साठ करंज्या.

२ जानेवारी, शुक्रवार

सही केली.

का? तो नको म्हणाला म्हणूनच बहुतेक. घ्यायला टपलेला माणूस असता तर दिली नसती. आणि मंगल जन्मभर म्हणाली नसती तरी मनात राहिलंच असतं, की नवऱ्यामुळे भाऊ गेला.

सकाळी चहाच्या वेळी कागद तिच्या पुढ्यात ठेवला. "घे. झालं तुझ्या मनासारखं." तिनं कागद उचलला. माझं नाव बोट फिरवून वाचलं. हनुमंत गेनबा... पूर्ण. मग घडी घालून डब्यांच्या फळीवर ठेवला आणि पीठ चाळायला बसली.

मला वाटलं होतं रडेल. किंवा काहीतरी म्हणेल.

३ जानेवारी, शनिवार

आजच्या चाळीस करंज्यांत मीठ नाही! सारण मंगलनं केलं होतं. सहा वर्षांत पहिल्यांदा.

६ जानेवारी, मंगळवार

शेफालीचा फोन. कागद हॉस्पिटलात पोचला, तारीख मिळाली, एकोणीस जानेवारी. दोन दिवस आधी भरती. मंगलला दिला फोन. ती "व्हय, व्हय" म्हणत होती. फोन ठेवला तरी दोनदा "व्हय" म्हणाली.

जेवली नाही. म्हणाली ॲसिडिटी.

८ जानेवारी, गुरुवार

दुपारी दोघं करंज्या भरत होतो. माझी मुरड आता बरी येते. मंगलची येईना. कड सुटत होती. दोनदा मोडून परत लाटली. मी म्हणालो, "दे, मी करतो."

तिनं करंजी खाली ठेवली.

"तुमी सही का केली?"

मला कळेना. म्हणालो, तुझ्यासाठी.

"मला वाटलं तुमी करनार न्हाई."

मी हात पुसले. ती माझ्याकडे बघत नव्हती, ताटाकडे बघत होती.

"सुलू पाया पडली तवा व्हय म्हनले. सगळी बसली हुती, पोरी बी. न्हाई कसं म्हनू? पन मला ठावं हुतं, तुमचं आन् त्याचं वाकडं हाय. म्हनलं हे काय सही देत न्हाईत. रोज वाट बगायची, आज न्हाई म्हनतील, उद्या न्हाई म्हनतील. मंग माज्यावर काय येनार नव्हतं." मग एकदम — "मला लई भ्या वाटतंय वं! झोपच न्हाई मला महिनाभर. तपासन्या करताना चक्कर आली हुती, शेफालीला सांगितलं न्हाई. सख्खा भाऊ हाय. म्या कडंवर वाडवलाय. आन् मला द्यायची न्हाई. कसली भैन म्या?"

एवढं सलग ती माझ्याशी कधी बोलली नव्हती. तिच्या दोन्ही हातांना पीठ, त्यामुळे डोळेही पुसता येईनात. मी पदरानं पुसले. लग्नाला तीस वर्षं झाली, हे पहिल्यांदा.

दीड महिना मला वाटत होतं, मी तिची वाट अडवून बसलोय.

उरलेल्या करंज्या मी भरल्या. ती शेजारी बसली होती.

९ जानेवारी, शुक्रवार

हॉस्पिटलला फोन केला, सही मागं घेतो म्हणून सांगितलं. भाटघरला जाऊन आलो. सगळ्यांसमोर सांगितलं — मी परवानगी देत नाही, जुनं विसरलेलो नाही. सुलू म्हणाली, "मान्सात न्हाई तुमी." पोरी बघत होत्या. इंद्रजितनं हात जोडले. त्याला वाटतंय त्याचं ऐकलं. निघताना त्याला म्हणालो, माझंही चुकलं होतं. शेफालीनं फोन कट केला, नंतर उचलत नाही.

मंगलला सांगून ठेवलंय. कुणीही विचारलं, कधीही विचारलं, तरी एकच म्हणायचं — नवऱ्यानं अडवलं.